दौरा रानात थांबतो, माल मात्र ओट्यापर्यंत जातो



आपल्याकडं अभ्यास दौरा म्हटलं की सगळं ठरलेलं असतं. कुणाची तरी ठिबकवरची हळद, कुणाचं शेडनेट, एखादं कृषी प्रदर्शन, दुपारी जेवण आणि परत येताना गाडीत भजन नाहीतर झोप. असे दौरे मी पुष्कळ केलेत, त्यांचा फायदाही झालाय. पण त्या यादीत एक ठिकाण कधी दिसत नाही. आपला माल शेवटी जिथं जातो ते. म्हणजे गिऱ्हाइकाचा स्वयंपाकाचा ओटा. माझं म्हणणं असं की भाजीपाला, मसाला आणि कडधान्य पिकवणाऱ्या प्रत्येकानं एकदा तरी बाजारफेरी आणि स्वयंपाकाचा वर्ग करावा, आणि आत्मा, कृषी विज्ञान केंद्रानं तो दौऱ्यात धरावा. ऐकून हसू येईल, पण पुढं वाचा.

आमच्या भागातले एक बागायतदार ड्रॅगनफ्रूट बघायला व्हिएतनामला जाऊन आले. परत आल्यावर आम्ही पारावर गोळा झालो, म्हटलं खांब किती फुटांवर, छाटणी कशी, लाइट लावतात का. त्यांनी ते सांगितलं दहा मिनिटांत. पुढचा तासभर मात्र ते होई आन नावाच्या गावातल्या स्वयंपाकाच्या वर्गाबद्दलच बोलत होते. तिथं पाहुण्याला सकाळी आधी बाजारात नेतात. कुठला पाला कशाला, मासा ताजा कसा ओळखायचा, भाताचे कागदासारखे पापड कसे बघून घ्यायचे, हे फिरत फिरत दाखवतात. मग स्वयंपाक करायला लावतात आणि केलेलं खायला घालतात.

त्या होई आनजवळ त्रा क्वे नावाचं भाजीपाल्याचं गाव आहे. पुदिना, तुळशीसारख्या वासाच्या जाती, कोथिंबीर, लेट्यूस असा पाला तिथं छोट्या छोट्या वाफ्यांत पिकवतात. जवळच्या खाडीतलं पाणशेवाळ काढून खत म्हणून मातीत घालायची तिथली जुनी रीत. पाहुणे येतात, वाफा करतात, खांद्यावर कावड घेऊन दोन्ही बाजूंच्या झाऱ्यांनी पाणी घालतात, स्वतः खुडतात आणि तिथंच शिजवून जेवतात. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संस्थेनं २०२४ मध्ये उत्तम पर्यटन गावांच्या यादीत त्रा क्वेचं नाव घातलं. आता बघा, पुदिन्याची जुडी ती, वाफा तो, आपल्यापेक्षा वेगळं काही नाही. फरक एवढाच की त्या गावात पिकवणारा आणि खाणारा एकमेकांचं तोंड बघतात.

आमचे बागायतदार म्हणाले, असलं आपल्याकडं नाही. माझी धाकटी बहीण लालबागला चाळीत राहते. तिच्या पोरीनं, म्हणजे माझ्या भाचीनं सांगितलं, आहे की मामा, मुंबईत पण घेतात असे वर्ग. यंदा आल्याची लागण आटपून जूनच्या पहिल्या आठवड्यात मी बहिणीकडं गेलो तेव्हा भाचीनं माझं नाव घातलं. बहीण म्हणाली, "पैसे देऊन भाजी चिरायला चाललास होय दादा?" म्हटलं, चाललो.

वर्ग घेणाऱ्या ताई मूळच्या गिरगावच्या. त्यांचं नाव इथं देत नाही, त्यांना विचारलेलं नाही. आम्ही पाच जण होतो. दोन परदेशी पाहुणे, एक बंगळूरचं जोडपं आणि मी. सकाळी सहाला दादर स्टेशनच्या पश्चिमेला जमलो. फुलबाजारात झेंडू, शेवंतीचे ढीग, बाजूला भाजीचा बाजार. भायखळ्याचा मोठा घाऊक भाजीबाजार नव्वदच्या दशकात वाशीला गेला, तरी दादरला पहाटेची भाजी अजून जोरात चालते. आपला माल क्रेटमध्ये असताना आपण बघतो. तो क्रेट फुटल्यावर पुढं काय होतं ते बघायचं असेल तर दादरला उभं राहावं.

ताई पुढं आणि आम्ही मागं. त्यांनी कोथिंबिरीच्या चार जुड्या उचलल्या आणि चारही नाकाला लावल्या. एक ठेवली, तीन परत. परत केलेल्या तीन दिसायला मोठ्या होत्या, पान रुंद, रंग हिरवागार. त्या म्हणाल्या, "दादा, ही फ्रिजमध्ये दोन दिवसांत काळी पडते आणि वाटणात गवतासारखी लागते." घेतली ती जुडी बुटकी, पण हात लावला की वास बोटाला राहत होता. देठ त्या फेकत नाहीत, वाटणात घालतात, चव तिथं जास्त असते म्हणाल्या. आता आपण कोथिंबीर करताना काय बघतो? किती दिवसांत येते, जुडी किती भरते, शेकडा काय जातो. पाणी आणि युरिया मारून फुगवली की शेकडा चांगला जातो हे खरं. पण दादरची बाई नाकानं विकत घेते, हेही तितकंच खरं. ती वासाची जुडी वेगळी निघाली तर तिला दोन पैसे जास्त द्यायलाही तयार होती, मी विचारून घेतलं.

पुढं रस्त्याच्या कडेला पालघर, कसाऱ्याकडनं आलेल्या आदिवासी मावश्या रानभाज्या घेऊन बसल्या होत्या. पहिल्या पावसाच्या सुमारास शेवळं येतात, ती होती. शेवळं म्हणजे आपल्या सुरणाच्या कुळातली. नुसती शिजवली तर घशाला खाज सुटते. म्हणून त्याच्याबरोबर काकडं घालतात, म्हणजे काकड झाडाची आंबट फळं. त्या मावशीच्या पुढ्यात शेवळांच्या जुड्या होत्या आणि शेजारीच काकडांचे वाटे. परदेशी बाईनं नुसती शेवळं उचलली तर मावशी म्हणाली, "काकडं घे गो, नाय तर घसा धरंल." मग आतला कुठला भाग काढून टाकायचा, किती बारीक चिरायचं, वालाबरोबर करायची की कोलंबीबरोबर, तिनं सगळं सांगितलं. ताईंनी ते त्या बाईला इंग्रजीत सांगितलं.

मंडळी, माझ्या दृष्टीनं त्या दिवसातला सगळ्यात मोठा धडा तो होता. ती मावशी शाळेत गेली असेल नसेल. पण भाजीबरोबर ती भाजी कशी खायची ते ज्ञानही ती विकते, आणि जोडीची वस्तूही विकते. तिच्याकडनं घेतलेली शेवळं कुणी बिघडवणार नाही, म्हणून गिऱ्हाईक पुढच्या वर्षी तिलाच शोधत येतं. आपण मात्र शंभर-दोनशे किलोमीटरवरनं क्रेट पाठवतो. त्यात माल असतो, पण तो कुठल्या जातीचा, कधी काढला, कशाला चांगला, याबद्दल एक अक्षर नसतं. कृषी खातं २०२० पासून ऑगस्टमध्ये रानभाजी महोत्सव घेतं. तिथंही मी बघितलंय, ज्या ताटलीपुढं शिजवलेली भाजी ठेवलेली असते तिथंच गर्दी असते.

तिथनं आम्ही लालबागला गेलो. चिवडा गल्ली सगळ्यांना माहीत आहे, आम्ही गेलो ते मिरची-मसाल्याच्या दुकानांकडं. एप्रिल-मेमध्ये अख्ख्या मुंबईतनं बायका इथं वर्षाचा मसाला करायला येतात. आम्ही गेलो तेव्हा पावसाआधीची शेवटची घाई चालली होती. बेडगी रंगाला, संकेश्वरी चवीला, लवंगी तिखटाला, काश्मिरी आणखी रंग हवा असेल तर. धणे, दगडफूल, नागकेशर, जायपत्री, बडीशेप, हळकुंड, हिंगाचा खडा. मालवणी वेगळा, घाटी वेगळा, आगरी-कोळी वेगळा. माप ज्याच्या त्याच्या घरचं, चिठ्ठीवर लिहून आणलेलं. भाजून डंकावर कुटायचा आणि डबा भरून घरी न्यायचा.

तिथं मिरची कशी निवडतात ते मिरची उत्पादकानं बघावं. एक आजी मिरची कानाजवळ हलवून बघत होत्या, बी खुळखुळतं का. खुळखुळलं म्हणजे वाळलेली. मग मोडून बघितली, कटकन मोडते का लवते. मग देठ बघितला, आत बुरशी आहे का. ओलावा दहा-अकरा टक्क्यांच्या वर गेला की साठवणीत बुरशी धरते, हे आपण प्रशिक्षणात ऐकतो. आजींनी ते मीटरशिवाय ओळखलं. मातीवर वाळवलेली आणि ताडपत्रीवर वाळवलेली मिरची त्यांना बोटानं कळते. बेडगीला २०११ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, पण त्याच्या आधीपासून लालबागची बाई ती मिरची नावानं मागते. गावाच्या नावावर मिरची विकली जाते ती या बायकांमुळं. संकेश्वर आपल्या गडहिंग्लजच्या शेजारचं. तिथल्या मिरचीचं नाव मुंबईच्या गल्लीत रोज शंभर वेळा घेतलं जातं.

आता आमचं बघा. आमच्या कोरेगावच्या वाघ्या घेवड्याला २०१६ मध्ये मानांकन मिळालं. मी एका दुकानात वाघ्या मागितला तर त्या माणसानं राजमा पुढं केला. आणि दिला तो बघितला तर बाहेरचा, जाड सालीचा. घेवडा शिजायला मऊ, आमटीला गोडवा, हे दुकानदाराला कुणी सांगितलंच नाही, तर तो कशाला ठेवील? मानांकनाचा कागद मिळाला, पण ओट्यावर नाव पोचलं नाही. बेडगी आणि वाघ्या यांच्यात फरक हाच. एकीला स्वयंपाकघरात ओळख आहे, दुसऱ्याला फक्त सातबाऱ्याच्या गावात.

वर्ग भरला तो ताईंच्या गिरगावातल्या घरी. जुनी चाळ, दोन खोल्या, खिडकीत कढीपत्ता. शेवळाची भाजी, मी घरनं नेलेल्या घेवड्याची आमटी, तांदळाची आणि ज्वारीची भाकरी, कोशिंबीर. आल्याचा विषय निघाला कारण मी आल्याचा शेतकरी. ताई म्हणाल्या, "दादा, हिवाळ्यात कोवळं आलं येतं ना, पातळ सालीचं, ते मी लोणच्याला आणि कोशिंबिरीला घेते. सोलायला लागत नाही, धागा येत नाही. चहाला आणि मटणाच्या वाटणाला मात्र जुनंच लागतं, ते झणझणतं."

सातारकडल्या आल्याच्या शेतकऱ्याला हे ऐकून काय वाटलं असेल ते आल्याच्या शेतकऱ्यालाच कळेल. आमच्याकडं व्यापारी बांधावर येतो तेव्हा गाडीवर बोलतो, गाडी म्हणजे ५०० किलो. आणि नवं-जुनं हा आमच्याकडं भांडणाचा विषय. नवं वेगळं काढलं की त्याचा दर पडतो, म्हणून आम्ही म्हणतो दोन्ही एकत्र घ्या. आमचं ते म्हणणं बरोबरच आहे, कारण बांधावर नव्याला कमअस्सल ठरवूनच वेगळं केलं जातं. पण ओट्यावर नवं आलं कमअस्सल नाही. ते वेगळ्या कामाचं आहे. सहा महिन्यांचं आलं लोणच्याला आणि मुरंब्याला, आठ-नऊ महिन्यांचं पक्कं वाटणाला आणि सुंठीला, हे पुस्तकातही आहे. बाजारात मात्र या दोन मालांची दोन नावं झाली नाहीत, एकाच मालाचे दोन दर झाले. लोणचंवाल्याला, हॉटेलवाल्याला कोवळं आलं कोवळं म्हणून द्यायचं, तर आपल्या कंपनीला आधी ते कोण, कशाला, किती घेतो ते माहीत पाहिजे. बांधावर बसून ते कळत नाही.

काही जण म्हणतील, हे सगळं शहरी चोचले आहेत. पैसेवाले पाहुणे येतात, फोटो काढतात, एक जुडी घेतात. खरं आहे. त्या वर्गातल्या पाच जणांनी जेवढी भाजी घेतली तेवढ्यानं कुणाचं वावर रिकामं होत नाही. पण लालबाग-परळला दुसऱ्याला रांधून घालणं हा चोचला कधीच नव्हता. सातारा, कोल्हापूर, कोकणातनं गिरणीत कामाला गेलेल्या आपल्याच माणसांना या भागातल्या बायकांनी खानावळी चालवून जेवू घातलं. सावकाराच्या व्याजात अडकलेल्या त्या बायकांना एकत्र करून प्रेमाताई पुरव यांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं, बँकेचं कर्ज मिळवून दिलं. १८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला आणि खानावळीचं गिऱ्हाईकच गावाकडं परतलं. पण हात राहिले, चव राहिली, मसाल्याची मापं राहिली. आज कुणी त्या चवीवर वर्ग घेऊन चार पैसे मिळवत असेल तर त्यात वाईट काय? मला फक्त एवढंच वाटतं की त्या साखळीत आपण कुठंच दिसत नाही. बाजार दाखवणाऱ्याला पैसे, शिकवणाऱ्याला पैसे, मसालेवाल्याला पैसे. पिकवणाऱ्याचं नावसुद्धा नाही.

दुसरे म्हणतील, २०१६ ला फळं-भाजीपाला बाजार समितीच्या नियमनातनं मोकळा केला, आठवडी बाजार सुरू झाले, तरी किती जण स्वतः विकू शकले? बरोबर आहे. एकट्या माणसानं रान बघायचं, मजूर बघायचे आणि मुंबईत टोपली घेऊन बसायचं, हे जमत नाही. मी तसं करा म्हणतच नाही. सगळ्यांनी विक्रेतं व्हायची गरज नाही. ऊस, सोयाबीन, कापूसवाल्याला याचा उपयोग जवळजवळ नाही, तेही मान्य. पण ज्याचा माल त्याच रूपात ओट्यावर जातो, त्यानं तो ओटा बघितलेला असावा. वाण निवडताना, तोडणीचा दिवस ठरवताना, प्रतवारी करताना त्याचा उपयोग होतो.

म्हणून चार गोष्टी सुचवतो.

एक. आत्माच्या आणि कृषी विज्ञान केंद्राच्या दौऱ्यात एक दिवस असा ठेवा. पहाटे दादर, मग लालबाग, दुपारी एखाद्या ताईंच्या घरी स्वयंपाक. परदेशापेक्षा खर्च कितीतरी कमी. मुंबई लांब पडत असेल तर पुणे, नाशिक, कोल्हापूरची मंडई आहे.

दोन. या दौऱ्यात निम्म्या बायका असाव्यात. आपल्या दौऱ्यांच्या यादीत पुरुषांचीच नावं असतात. घेवडा निवडते ती, आलं धुते ती, शिजवते ती. माझी बायको घेवड्याचा दाणा दाताखाली धरून सांगते की हा किती वेळात शिजेल. दादरच्या ताई आणि ती एकत्र बसल्या असत्या तर माझ्यापेक्षा जास्त बोलल्या असत्या. पुढच्या खेपेला तिला घेऊनच जाणार आहे.

तीन. आपल्या शेतकरी कंपन्यांनी प्रत्येक क्रेटमध्ये नाहीतर पिशवीत एक चिठ्ठी घालावी. गाव, वाण, काढणीची तारीख, आणि हा माल कशाला चांगला ते दोन ओळींत. छपाईला फार पैसे लागत नाहीत. कोवळं आलं, लोणच्याला. वाघ्या घेवडा, रात्री भिजत घाला. एवढं पुरे. शेवळांबरोबर काकडं देणाऱ्या मावशीची ही युक्ती आहे, आपण फक्त कागदावर आणायची.

चार, हे कृषी अधिकारी आणि शास्त्रज्ञ मंडळींना. पीक प्रात्यक्षिकाला तुम्ही आम्हाला उत्पादन दाखवता, रोग-कीड दाखवता, ते पाहिजेच. पण त्याच दिवशी बांधावर चूल मांडून दोन वाण शेजारी शेजारी शिजवून दाखवा. किती वेळात शिजला, चव कुठल्याची बरी, उरलेला दुसऱ्या दिवशी कसा राहिला. चाखायला गावातल्याच बायका बसवा. एकरी दोन क्विंटल कमी येणारा वाण खायला सरस असेल तर ते आम्हाला कळू दे. मग दर कसा मिळवायचा ते आमचं आम्ही बघू.

आणि असे वर्ग घेणाऱ्या शहरातल्या ताई-दादांना एक विनंती. महिन्यातनं एकदा एखाद्या शेतकऱ्याला बोलवा. अर्धा तास बोलू द्या, आणि त्याला त्या अर्ध्या तासाचे पैसे द्या. पाहुण्याला मिरची कुठनं आली हे सांगण्यापेक्षा ज्यानं पिकवली तोच समोर उभा केला तर पाहुण्यालाही बरं वाटेल. गिरगावच्या ताईंना मी हे बोललो. त्या म्हणाल्या, हिवाळ्यात कोवळं आलं घेऊन या, त्या दिवशी आल्याचाच वर्ग ठेवते.

आपल्यापैकी भाजी, मिरची, आलं, हळद, कडधान्य करणारे जे कोणी असतील त्यांनी सांगा, तुमचा माल शेवटी कुणाच्या ओट्यावर जातो आणि तो तिथं काय नावानं ओळखला जातो. माहीत असेल तर लिहा. नसेल तर या हंगामात एक पिशवी घेऊन जवळच्या शहरातल्या मंडईत जाऊन या. सकाळी लवकर जा, आणि घेणाऱ्या बायकांच्या मागं उभं राहून ऐका.